‘बिग बँग थिअरी’मधील माधुरीविषयीचा शेरा

विज्ञानवेड्या मित्रांवरील ‘द बिग बँग थिअरी’ ही अमेरिकी विनोदी मालिका सीबीएस वाहिनीवर २००७ ते २०१९ या काळात दाखविण्यात आली. तिच्या दुसऱ्या पर्वाचा २२ सप्टेंबर २००८ रोजी प्रसारित झालेला पहिला भाग मार्च २०२३ मध्ये भारतात वादात सापडला.

पेनीचे गुपित लेनर्डपासून लपविणे असह्य झाल्याने शेल्डन घर सोडून राज कूथरापल्लीकडे मुक्कामाला येतो. तेथे हिंदी चित्रपट पाहताना तो ऐश्वर्या रायला माधुरी दीक्षितची स्वस्त आवृत्ती ठरवितो. संतापलेला राज ऐश्वर्याला देवी म्हणतो आणि तिच्यापुढे माधुरी म्हणजे कुष्ठरोगी वेश्या, असे सुनावतो. स्त्रियांसमोर ज्याची वाचा बसते, त्याच्याच तोंडी हा शेरा आहे!

हा भाग नेटफ्लिक्सवर उपलब्ध असल्याने एका राजकीय विश्लेषकाने कंपनीला कायदेशीर नोटीस पाठवून तो काढून टाकण्याची मागणी केली. नोटिशीचा रोख माधुरीच्या बदनामीवर आणि स्त्रीद्वेषावर होता. महाराष्ट्रातील प्रेक्षकाला मात्र त्यातील ‘कुष्ठरोगी’ हा शब्दही तितकाच खटकावा. वरोऱ्याजवळ आनंदवन उभारून कुष्ठरुग्णांना सन्मानाचे जिणे देणारे बाबा आमटे त्याच वर्षी, ९ फेब्रुवारी २००८ रोजी निवर्तले होते.