हैदराबादच्या संघाचा बचावपटू
ज्या निजामाच्या अंमलाखाली मराठवाड्यातील भूम तालुक्याचे दप्तर 1948 च्या सप्टेंबरपर्यंत होते, त्याच्या राजधानीच्या हैदराबाद शहरात पुढल्या दशकात एका पोलिसी संघाने हिंदुस्थानी फुटबॉलचे गुरुत्वमध्यच हलविले, ही गोष्ट मराठवाड्याच्या इतिहासात नोंदली जावी, असे मला मनापासून वाटते. 1891 पासून मुंबईत खेळल्या जाणाऱ्या रोव्हर्स चषकावर दीर्घकाळ गोऱ्या पलटणींची सत्ता होती. पण 1950 ते 1954 अशी सलग पाच वर्षे तो हैदराबाद सिटी पोलीस या संघाने जिंकला. त्या संघाचे शिक्षक सय्यद अब्दुल रहीम पेशानेही शाळामास्तरच होते, आणि दुबळ्या पायाने खेळण्याचा सराव ते शिष्यांकडून निगुतीने करवून घेत.

त्या संघाचा बचावपटू सय्यद ख्वाजा अझीझुद्दीन. गोल करणाऱ्याचे नाव तोंडोतोंडी होते, गोल वाचविणाऱ्याचे सहसा होत नाही. म्हणूनच त्याचा उल्लेख आवर्जून करावयाचा. 1952 च्या हेलसिंकी ऑलिंपिकसाठी तो निवडला गेला. तेथे पुष्कळसे अनवाणी खेळणाऱ्या भारतीय संघाचा युगोस्लाव्हियाने 10-1 असा दारुण पराभव केला, आणि त्यानंतर बूट अपरिहार्य ठरले.

1956 च्या 1 नोव्हेंबरला भूम हैदराबाद राज्यातून मुंबई राज्यात आले. बरोबर महिन्याने, 1 डिसेंबरला, मेलबर्न ऑलिंपिकमध्ये, ज्या संघात अझीझुद्दीनचा समावेश होता, त्या भारतीय संघाने मूळचे गोव्याचे असलेल्या नेव्हिल डिसोझांच्या तीन गोलांच्या बळावर ऑस्ट्रेलियाला 4-2 असे हरवून उपांत्य फेरी गाठली.