छत्री, कंदील आणि सरकारी फिल्म

पिपरी मेघेहून वर्ध्याला सिनेमाला जाणाऱ्या आम्हा मंडळींना मुख्य चित्रपटाआधीची फिल्म्स डिव्हिजनची फिल्म म्हणजे उशिरा येणाऱ्यांची सोय वाटे. धरणे, शेती, कुटुंबनियोजन असे तिचे विषय ठरलेले.

पण याच सरकारी संस्थेने १९६७ साली एक धाडस केले. युनेस्कोतून आलेले सल्लागार जाँ भावनगरी यांनी बाहेरच्या कलावंतांना दार उघडले. पंढरपूरला जन्मलेले, मुंबईत सिनेमाची पोस्टर्स रंगवलेले मकबूल फिदा हुसेन राजस्थानात कॅमेरा घेऊन गेले. ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’मध्ये गोष्ट नाही, निवेदन जवळजवळ नाही. छत्री, कंदील, जोडा, वाळवंटातली माणसे. आणि त्यांना बांधणारे विजय राघव राव यांचे संगीत. त्याच वर्षी बर्लिनला लघुपटाचे ‘सुवर्ण अस्वल’ तिला मिळाले.

हुसेन २००६ साली देशाबाहेर गेले, २०११ साली लंडनला वारले. फिल्म्स डिव्हिजनही २०२२ साली एनएफडीसीत विलीन झाली. मला मोलाचा वाटतो तो पुरस्काराआधीचा क्षण. ‘याचा अर्थ काय?’ असे न विचारता सरकारने एका चित्रकाराच्या नजरेवर पैसे लावले होते.