'गुलामगिरी'च्या प्रस्तावनेत होमर कशासाठी?

ग्रीक पुराणकथा आज आपल्या पोरांना तोंडपाठ आहेत. सिनेमा, गेम आणि कार्टूनमधून झ्यूसची वीज, मेडुसाचे साप आणि हर्क्युलिसची ताकद घराघरांत पोचली आहे. यात वाईट काही नाही. आम्हीही या कथा आवडीने वाचतो. पण कोणतीही पुराणकथा वाचताना आपण एक प्रश्न विचारलाच पाहिजे: ही कथा सांगतो कोण आणि तिच्यात मार खातो कोण?

हा प्रश्न आपल्याला जोतीराव फुल्यांनी शिकवला. १८७३ साली त्यांनी 'गुलामगिरी' प्रसिद्ध केली. पुस्तक मराठी, पण त्याला इंग्रजी प्रस्तावना आहे आणि तिच्या माथ्यावर ग्रीक महाकवी होमरचे वचन आहे. माणूस गुलाम होतो तो दिवस त्याचे अर्धे सत्त्व हिरावून नेतो, असा त्याचा आशय.

होमरच्या 'ओडिसी'त हे बोलतो कोण? युमेयस. राजा ओडिसियसची डुकरे राखणारा गुलाम. तो जन्माने राजपुत्र, पण लहानपणी पळवून विकला गेलेला. वीस वर्षांनी ओडिसियस भिकाऱ्याच्या वेषात घरी येतो, तेव्हा त्याचा म्हातारा कुत्रा शेणाच्या ढिगावर पडलेला दिसतो. युमेयस सांगतो, मालक घरी नसला की गुलाम नीट काम करत नाहीत, कारण गुलामीचा दिवस आला की झ्यूस माणसाचे अर्धे सत्त्व काढून घेतो.

म्हणजे मूळ प्रसंगात ही गुलामांच्या कामचुकारपणाची तक्रार आहे आणि ती एका गुलामाच्याच तोंडी घातली आहे. मालकाची भाषा गुलामाच्या जिभेवर कशी बसते, याचा याहून चांगला नमुना कुठला? तेच वचन जोतीरावांच्या पुस्तकात आले आणि त्याचा रोख फिरला. तिथे झ्यूस नाही. दोष गुलामाचा नाही, दैवाचाही नाही. दोष गुलामगिरीचा आहे. गुलामांची प्रथा मोडल्याबद्दल अमेरिकेतील सदाचारी लोकांना हे पुस्तक अर्पण केलेले आहे, हेही इथे लक्षात घ्यावे.

आता याच चष्म्यातून ग्रीक वीर पाहू. 'ओडिसी'च्या शेवटी ओडिसियस आपल्या बायकोच्या मागे लागलेल्या सरदारांना ठार करतो. या सरदारांनी आपल्या दासींवर बळजबरी केली, असा आरोप तो स्वतःच करतो. पण पुढे काय होते? घरातल्या पन्नास दासींपैकी बारा जणी सरदारांशी संबंध ठेवल्याबद्दल दोषी ठरतात. आधी त्यांच्याकडून प्रेते उचलून घेतात, रक्ताने माखलेला दिवाणखाना धुऊन घेतात आणि मग राजपुत्र टेलेमॅकस त्यांना एका दोराने ओळीने फाशी देतो. बळजबरी झाली हे मालकाला मान्य आहे, तरीही फास दासीच्याच गळ्यात. कथेत तो वीरच राहतो.

'इलियड'मधला थर्सायटीस पाहा. ट्रॉयच्या वेढ्याला नऊ वर्षे झालेली. भर सभेत हा सैनिक उठून राजा अगमेम्नॉनला विचारतो, लुटीतले धन आणि बायका तुझ्या तंबूत, मग आम्ही इथे कशाला मरायचे? हेच गाऱ्हाणे थोडे आधी अकिलीसने मांडलेले असते. पण अकिलीस देवीचा मुलगा. त्याला आवरायला अथेना स्वतः खाली उतरते आणि भरपाईचे वचन देते. थर्सायटीसला काय मिळते? ओडिसियस राजदंडाने त्याच्या पाठीवर वळ उठवतो आणि बाकीचे सैनिक हसतात. हा राजदंड देवाने घडवलेला, झ्यूसकडून राजघराण्याला मिळालेला. होमर थर्सायटीसच्या बापाचे नाव सांगत नाही, गाव सांगत नाही. सांगतो ते एवढेच की तो लंगडा, कुबडा आणि सगळ्यांत कुरूप होता. बोलणाऱ्याला आधी कुरूप ठरवायचे, मग त्याचे म्हणणे ऐकायची गरज उरत नाही.

राक्षसांचेही तसेच. एकडोळ्या पॉलिफेमसने सहा माणसे खाल्ली, त्याला निर्दोष ठरवण्याचा आमचा हट्ट नाही. पण ओडिसियस त्याच्या जमातीची ओळख कशी करून देतो? यांना सभा नाही, कायदा नाही, हे नांगरत नाहीत. शेजारचे बेट सुपीक आहे, नुसते पडून आहे. दुसऱ्याच्या भूमीवर डोळा असलेल्याचीच ही नजर आहे.

मात्र ग्रीकांची एक गोष्ट मान्य केलीच पाहिजे. त्यांच्यातच झेनोफेनीस निपजला. बैल-घोड्यांना चित्रे काढता आली असती तर त्यांनी देवही बैल-घोड्यांसारखेच काढले असते, असे तो इसवी सनापूर्वी सहाव्या शतकाच्या सुमारास म्हणाला. चोरी, व्यभिचार आणि फसवणूक देवांच्या नावावर मांडल्याबद्दल त्याने थेट होमरला धारेवर धरले.

पण विचारवंतांनी नवी पुराणे रचलीही. देवाने राज्यकर्त्यांत सोने, सैनिकांत चांदी आणि शेतकरी-कारागिरांत लोखंड व कांसे मिसळले, अशी कथा प्लेटोने सुचवली. ती खोटी आहे, पण राज्यासाठी उपयोगी आहे, हेही तो लपवत नाही. मुलात वेगळा धातू निघाला तर वर्ग बदलण्याची सोय त्याने ठेवली होती, जी आपल्याकडच्या जातीने ठेवली नाही. तरीही बाबासाहेबांनी १९३६ साली 'जातिप्रथेचे विध्वंसन'मध्ये प्लेटोची रचना चातुर्वर्ण्याशेजारी ठेवून तपासली आणि नाकारली. प्रत्येक माणूस वेगळा असतो, त्याला तीन-चार खणांत कोंबता येत नाही, हा त्यांचा मुद्दा आजही खणखणीत आहे.

म्हणून मित्रांनो, ग्रीक कथा जरूर वाचा. फक्त राक्षसाला देव आणि देवाला राक्षस केले की काम झाले, असे समजू नका. ती नुसती अदलाबदल. बारा दासींना फाशी देताना त्यांची नावे का घेतली जात नाहीत, थर्सायटीसचे म्हणणे खरे होते की खोटे, राजदंड कोणाच्या हातात होता, हे विचारा. जोतीरावांनी होमरची पूजा केली नाही आणि त्याला जाळलेही नाही. त्याचे एक वाक्य मालकाच्या वाड्यातून उचलले आणि गुलामांच्या बाजूने उभे केले. वाचायचे ते असे.