तँक्रेदचे बारा मुलगे

वडिलोपार्जित जमिनीची वाटणी निघाली की सख्खे भाऊ कसे वैरी होतात, हे आपल्या गोव्यात कुणाला सांगायला नको. अकराव्या शतकात एका नॉर्मन घरातल्या मुलांनी हे टाळण्यासाठी गावच सोडलं. त्यांची ही हकीकत.

फ्रान्सच्या नॉर्मंडीत कुतांस शहराजवळ ओतव्हिल नावाचं गाव आहे. तिथला तँक्रेद हा लहानसा सरदार. पहिली बायको म्युरिएला हिला पाच मुलगे झाले, ती वारल्यावर केलेल्या फ्रेसेंडाला सात. शिवाय मुली वेगळ्याच. मालातेरा नावाचा त्या काळचा बखरकार लिहितो, की शेजारच्या घरांत म्हातारे गेल्यावर वारसांची भांडणं जुंपतात, हे या मुलांनी पाहिलं होतं. आपली जमीन बाराजणांत कुणालाच पुरणार नाही, हे ओळखून थोरले मुलगे दक्षिण इटलीत भाडोत्री शिपाई म्हणून गेले. मागून धाकटेही गेले.

सुरुवातीला सगळं सुरळीत चाललं. 1042 मध्ये थोरला विल्यम अपुलियाचा काउंट झाला. 1046 मध्ये तो वारल्यावर द्रोगो आणि 1051 मध्ये द्रोगोचा खून झाल्यावर हम्फ्री, अशी सत्ता भावाकडून भावाकडे गेली.

1057 मध्ये मरताना हम्फ्रीने आपला लहान मुलगा अबेलार्ड सावत्र भाऊ रॉबर्ट गिस्कार्डच्या हवाली केला. रॉबर्टने पुतण्याचा वाटा स्वतःच गिळला. 1059 मध्ये पोपने त्याला ड्यूक केलं, तरी सर्वांत धाकट्या रॉजरला कबूल केलेला कलाब्रियाचा हिस्सा त्याच्या हातून सुटेना. 1062 मध्ये त्याने रॉजरच्या मिलेतो गावाला वेढा घातला. त्याच भांडणात जेराचेच्या लोकांनी रॉबर्टलाच पकडलं. रॉजरने मनात आणलं असतं तर काटा परस्पर निघाला असता. त्याने भावाला सोडवलं. पुढे 1072 मध्ये दोघांनी मिळून पालेर्मो जिंकलं आणि 1130 मध्ये रॉजरचा मुलगा सिसिलीचा राजा झाला.

रॉबर्टच्या घरात मात्र तेच पुन्हा घडलं. जवळचं नातं निघतं असं सांगून त्याने पहिली बायको सोडली होती. तिचा मुलगा बोहेमंड थोरला, पण 1085 मध्ये गादी मिळाली दुसरीच्या मुलाला. दोघे सावत्र भाऊ लढले.

जमीन थोडी म्हणून भांडणं होतात, असं आपण म्हणतो. या घराला अर्धी इटली मिळाली, तरी ती पुरली नाही. राज्य टिकलं ते जेराचेला रॉजरने हात आवरला म्हणून.