स्तंभाकार (भूविज्ञान)

स्तंभाकार हे भूविज्ञान, मृदाविज्ञान आणि खनिजविज्ञान या शास्त्रांत वापरले जाणारे पारिभाषिक विशेषण आहे. इंग्रजीतील 'कॉलम्नर' या विशेषणाचा तो मराठी पर्याय असून 'स्तंभासारखा आकार असलेला' एवढाच त्याचा मूळ अर्थ आहे. खडक, माती, खनिज आणि स्तरांचा आलेख या चारही बाबतींत हा एकच शब्द योजला जात असला, तरी प्रत्येक ठिकाणी त्याचा आशय वेगळा असतो. २०२१ साली यवतमाळ जिल्ह्यातील झरी जामणी तालुक्यात शिबला-पार्डी येथे रस्त्याचे काम चालू असताना बेसाल्टचे खांब उघडे पडले आणि तोवर पाठ्यपुस्तकांत राहिलेला हा शब्द वर्तमानपत्रांतून सर्वसामान्य वाचकांपर्यंत पोचला.

जीवशास्त्रात 'स्तंभाकार पेशी' असा प्रयोग होतो. त्याचा या लेखाशी संबंध नाही.

शब्दविचार

'कॉलम्नर' हा शब्द लॅटिन भाषेतील 'कोलुम्ना' म्हणजे खांब या शब्दापासून आला आहे. मराठीत 'स्तंभ' हा तत्सम शब्द आणि प्राकृतातील 'खंभ'वरून आलेला 'खांब' हा तद्भव शब्द असे दोन्ही रूढ आहेत. शास्त्रीय लेखनात विशेषण घडवताना तत्सम रूप सोयीचे ठरते. त्यामुळे स्तंभाकार, स्तंभाकृती आणि स्तंभीय अशी तीन रूपे आढळतात. पहिली दोन समानार्थी आहेत. 'स्तंभीय' या रूपात मात्र 'ईय' प्रत्ययामुळे 'स्तंभासंबंधीचा' असा अर्थ येतो. म्हणून आकार सांगायचा असेल तेथे 'स्तंभाकार' आणि स्तरांच्या उभ्या मांडणीविषयी बोलायचे असेल तेथे 'स्तंभीय' असा भेद राखणे इष्ट आहे, परंतु तो सर्वत्र पाळला जात नाही.

व्याकरणदृष्ट्या 'स्तंभाकार' या सामासिक शब्दाचा विग्रह दोन प्रकारे होतो. 'स्तंभाचा आकार' असा विग्रह केल्यास तो तत्पुरुष समास आणि शब्द नाम ठरतो. 'स्तंभासारखा आकार आहे ज्याचा तो' असा विग्रह केल्यास तो बहुव्रीही समास आणि शब्द विशेषण ठरतो. पारिभाषिक वापर दुसऱ्या प्रकारचा आहे. हे विशेषण अविकारी असल्याने लिंग किंवा वचनानुसार बदलत नाही: स्तंभाकार खडक, स्तंभाकार रचना, स्तंभाकार खनिजे.

अग्निज खडकांतील अर्थ

खडकांच्या संदर्भात हे विशेषण खडकाला नव्हे, तर त्यातील भेगांच्या मांडणीला लागू होते. ज्या भेगेच्या दोन्ही बाजू एकमेकींवरून सरकलेल्या नसतात, तिला भूविज्ञानात 'संधी' म्हणतात. (व्यवहारातील आणि व्याकरणातील 'संधी'मुळे या शब्दाचा गोंधळ होतो, म्हणून काही लेखक 'सांधा' किंवा 'जोड' हा शब्द पसंत करतात.) उभ्या संधींच्या जाळ्यामुळे खडकाचे बहुकोनी खांबांत विभाजन झाले असेल, तर त्या संधींना स्तंभाकार संधी म्हणतात. 'स्तंभाकार बेसाल्ट' हा प्रयोग म्हणजे 'स्तंभाकार संधी असलेला बेसाल्ट' याचा संक्षेप होय. स्तंभाकार बेसाल्ट ही बेसाल्टची वेगळी जात नाही. शेजारच्या साध्या काळ्या पाषाणाचे आणि या खांबांचे रासायनिक घटक एकच असू शकतात.

बेसाल्टी लाव्हारस भूपृष्ठावर येतो तेव्हा त्याचे तापमान साधारणतः १,१०० ते १,२०० अंश सेल्सिअस असते. जाड थर साचून स्थिर राहिला तर तो वरून हवेमुळे आणि खालून जमिनीमुळे निवत जातो. घट्ट झालेला खडक थंड होताना आकसतो. आडव्या दिशेने सर्वत्र सारखा ताण पडल्यामुळे पृष्ठभागावर भेगा पडतात आणि तीन भेगा एकत्र येतात तेथे सुमारे १२० अंशांचे कोन होऊ लागतात. अशा कोनांनी पृष्ठभाग व्यापला की षट्कोन तयार होतात. निवण्याची सीमा जसजशी आत सरकते, तसतशा भेगाही टप्प्याटप्प्याने आत उतरतात आणि षट्कोनाचा खांब होतो. खांबांच्या बाजूंवर अनेकदा दिसणारे आडवे पट्टे या टप्प्यांच्या खुणा असतात. लिव्हरपूल विद्यापीठातील संशोधकांनी २०१८ साली आइसलँडमधील बेसाल्टवर केलेल्या प्रयोगांत या भेगा ८४० ते ८९० अंश सेल्सिअस तापमानाला, म्हणजे खडक घट्ट झाल्यानंतर, पडतात असे आढळले.

सर्व खांब षट्कोनी नसतात; पाच आणि सात बाजूंचे खांबही त्यांच्यात मिसळलेले असतात. हळू निवालेल्या थरात खांब जाड, तर झपाट्याने निवालेल्या थरात बारीक होतात. खांबांची दिशा निवणाऱ्या पृष्ठभागाशी काटकोनात असते. त्यामुळे सपाट पसरलेल्या थरात ते उभे राहतात, आणि लाव्हारस एखाद्या उभ्या भेगेत शिरून निवाला असेल तर आडवे पडतात. आडव्या रचनेलाही 'स्तंभाकार'च म्हणतात, कारण विशेषण आकार सांगते, उभेपणा नव्हे.

उन्हाळ्यात विदर्भातील काळ्या जमिनीला पडणाऱ्या भेगांचे उदाहरण या संदर्भात नेहमी दिले जाते. आकसण्याचे तत्त्व दोन्हीकडे एकच असल्याने तुलना उपयुक्त आहे, मात्र ती ताणू नये. चिखल पहिल्यांदा वाळतो तेव्हा नवी भेग जुन्या भेगेला बहुधा काटकोनात मिळते आणि चौकोनी तुकडे पडतात. शिवाय मातीच्या भेगा पावसाळ्यात बुजतात. खडकाच्या बुजत नाहीत.

आकारावरून उत्पत्ती ठरवण्यातील वाद

स्तंभांची नियमित ठेवण पाहून ते घडवलेले असावेत असे वाटणे स्वाभाविक आहे. उत्तर आयर्लंडमधील जायंट्स कॉजवे येथील सुमारे ४०,००० खांबांविषयी फिन मॅककूल या राक्षसाने समुद्रावर बांधलेल्या वाटेची दंतकथा प्रचलित आहे. अठराव्या शतकात युरोपातील विद्वानांतही याविषयी मतभेद होते. बेसाल्ट हा समुद्राच्या पाण्यातून साचलेला खडक आहे असे एक पक्ष मानत असे. फ्रेंच अभ्यासक निकोलस देमारे यांनी ओव्हेर्न्य प्रांतातील स्तंभांचा माग काढत तो ज्वालामुखींच्या लाव्हा प्रवाहांपर्यंत नेला आणि या खडकाच्या अग्निज उत्पत्तीला मोठा आधार दिला.

उलट बाजूचे उदाहरणही आहे. प्रशांत महासागरातील मायक्रोनेशियात नान मडोल येथील भिंती स्तंभाकार बेसाल्टचे खांब एकावर एक रचून बांधल्या आहेत. तेथे खांबांचा आकार निसर्गाचा आणि रचना माणसाची आहे. म्हणून 'स्तंभाकार' हा शब्द वाचून नैसर्गिक की मानवनिर्मित हा प्रश्न आपोआप सुटत नाही. खांब मूळ खडकाला सलग जोडलेले आहेत का, त्यांच्या बाजू शेजारच्या खांबांशी तंतोतंत जुळतात का, छिन्नीचे घाव दिसतात का, हे जागेवर पाहावे लागते.

शिबला-पार्डी आणि महाराष्ट्रातील इतर ठिकाणे

यवतमाळ जिल्ह्याचा बहुतांश भाग दख्खनच्या ट्रॅप खडकांनी व्यापलेला आहे. हे खडक सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हा प्रवाहांपासून बनले. जिल्ह्याच्या पूर्वेकडील वणी, मारेगाव आणि झरी जामणी या तालुक्यांत मात्र ट्रॅपचे आवरण विरळ होत जाते आणि त्याखालील जुने खडक, म्हणजे पैनगंगा गटातील चुनखडक आणि गोंडवन काळातील कोळशाचे थर, वर येतात. शिबला-पार्डी हे ठिकाण या सीमाप्रदेशात आहे.

२०२१ साली वणी-पांढरकवडा परिसरातील रस्त्याच्या कामासाठी खोदकाम चालू असताना तेथे एकमेकांना लागून असलेले बहुकोनी दगडी खांब दिसून आले. भूविज्ञानाचे अभ्यासक सुरेश चोपणे यांनी हा स्तंभाकार बेसाल्ट असल्याचे सांगितले. हे खांब नैसर्गिक असून लाव्हारसापासून बनले आहेत, याला भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाकडूनही दुजोरा मिळाला. हेमाडपंती मंदिरांच्या घडीव खांबांची सवय असलेल्या विदर्भात अशा दगडांचा संबंध एखाद्या जुन्या वास्तूशी जोडला जाणे सहज शक्य आहे. दुसरीकडे, हाच दगड रस्त्याच्या गिट्टीसाठीही उपयोगी पडतो, आणि स्तंभाकार खडक तर भेगांमुळे सहज सुटा होतो. त्यामुळे त्याची ओळख वेळेत पटली नाही तर पुरावाच शिल्लक राहत नाही.

महाराष्ट्रात मुंबईतील अंधेरी येथील गिल्बर्ट टेकडी हे या रचनेचे सर्वाधिक परिचित उदाहरण होय. सुमारे ६० मीटर उंचीच्या या सरळसोट कड्याच्या माथ्यावर गावदेवीचे मंदिर आहे आणि पायथ्यापर्यंत इमारती येऊन भिडल्या आहेत. कोल्हापूर जिल्ह्यात पन्हाळ्याजवळ बांदिवडे येथेही बेसाल्टचे स्तंभ आहेत. कर्नाटकातील मालपेजवळची सेंट मेरी बेटे यांच्याबरोबर नेहमी उल्लेखली जातात. मात्र तेथील खडक बेसाल्ट नसून सिलिकाचे प्रमाण अधिक असलेला आम्ल ज्वालामुखी खडक आहे आणि त्याचे वय दख्खनच्या ट्रॅपपेक्षा अधिक, सुमारे ८.८ कोटी वर्षे आहे. अमेरिकेतील डेव्हिल्स टॉवर येथील स्तंभही बेसाल्टचे नाहीत. 'स्तंभाकार' म्हटले की पुढे 'बेसाल्ट' लिहिण्याची सवय म्हणूनच घातक ठरते.

मृदाविज्ञानातील अर्थ

मातीचे कण एकत्र येऊन जी ढेकळे बनतात त्यांच्या आकारावरून मातीच्या रचनेचे प्रकार पाडतात. उभी, लांबट ढेकळे दोन प्रकारची असतात. माथा सपाट असेल तर रचना 'प्रचिनाकार' (प्रचिन म्हणजे लोलक), आणि माथा गोलसर असेल तर 'स्तंभाकार'. हा फरक वरवर क्षुल्लक दिसतो, पण मृदाविज्ञानात तो महत्त्वाचा आहे. गोलसर माथ्याची रचना विशेषतः सोडियमयुक्त चोपण जमिनींच्या खालच्या थरांत आढळते. सोडियममुळे चिकणमातीचे कण सुटे होतात, ढेकळांचे कोपरे झिजतात आणि पाणी मुरण्यास अडथळा येतो. म्हणजे खडकाच्या वर्णनात जो शब्द पाण्याला वाट देणाऱ्या उभ्या भेगा सुचवतो, तोच मातीच्या वर्णनात बहुधा पाणी न मुरणाऱ्या जमिनीची सूचना देतो.

यवतमाळ जिल्ह्यातील कपाशीच्या भारी काळ्या जमिनींना खोल भेगा पडतात आणि त्यांच्यामधले मातीचे खांब डोळ्यांना 'स्तंभाकार' दिसतात. पारिभाषिक अर्थाने त्यांना तसे म्हणू नये. या जमिनी ओल्या झाल्यावर फुगतात, मातीचे ठोकळे एकमेकांवर घासले जातात आणि खालच्या थरात तिरप्या, गुळगुळीत घासपृष्ठांची पाचरीसारखी रचना तयार होते. पूर्णा नदीच्या खोऱ्यातील खारपाणपट्ट्यात, म्हणजे अकोला, अमरावती आणि बुलढाणा जिल्ह्यांच्या भागांत, सोडियमची समस्या गंभीर आहे. परंतु तेथील मातीही फुगणारी असल्याने गोल माथ्याचे स्तंभ दिसतीलच असे नाही. जमीन चोपण आहे की नाही हे केवळ ढेकळांच्या आकारावरून न ठरवता प्रयोगशाळेतील तपासणीवरून ठरवावे लागते. माती परीक्षणाच्या अहवालाचे मराठीत भाषांतर करताना 'प्रचिनाकार' आणि 'स्तंभाकार' या दोहोंसाठी एकच शब्द वापरला, तर शेतकऱ्याला जिप्सम टाकण्याचा सल्ला का दिला किंवा का दिला नाही हे कळण्याचा मार्ग बंद होतो.

खनिजे आणि स्तरालेख

खनिजविज्ञानात लांबट, समांतर स्फटिकांच्या जुडग्याला स्तंभाकार म्हणतात; तोरमल्ली व बेरिल यांचे स्फटिक असे आढळतात. त्याहून बारीक स्फटिकांना सूच्याकार आणि धाग्यांसारख्या स्फटिकांना तंतुमय ही विशेषणे आहेत. दख्खन ट्रॅपच्या पोकळ्यांत सापडणारे स्कोलेसाइट हे झिओलाइट गटातील खनिज बहुधा सूच्याकार असते.

'स्तंभीय छेद' हा प्रयोग मात्र सर्वस्वी निराळा आहे. येथे स्तंभ जमिनीत नसून कागदावर असतो. एखाद्या ठिकाणी वरून खाली कोणते थर किती जाडीचे आहेत हे उभ्या पट्टीत काढलेल्या आलेखाने दाखवतात. वणी परिसरातील कोळशासाठी घेतलेल्या वेधनछिद्राचा असा छेद काढला, तर वर माती, काही ठिकाणी ट्रॅप, त्याखाली कामठी वालुकाश्म, त्याखाली कोळसा असलेले बाराकार थर आणि तळाशी तालचेर थर असा क्रम साधारणतः दिसतो. यांतील एकाही खडकात स्तंभ असण्याची गरज नाही.

संरक्षण आणि नामकरण

भारतात पुरातन वास्तूंच्या संरक्षणासाठी १९५८ चा कायदा आहे. त्याचा रोख मुख्यतः मानवनिर्मित अवशेषांकडे आहे. नैसर्गिक रचनांना भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण 'राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक' म्हणून घोषित करते. बुलढाणा जिल्ह्यातील लोणार सरोवर आणि सेंट मेरी बेटे या यादीत आहेत. भूवारसा स्थळांसाठी स्वतंत्र कायदा करण्याच्या उद्देशाने केंद्रीय खाण मंत्रालयाने २०२२ साली विधेयकाचा मसुदा प्रसिद्ध केला. एखाद्या जागेची नोंद 'दगडी खांब' अशी झाली की 'स्तंभाकार संधी असलेला खडक' अशी झाली, यावर ती जागा कोणत्या खात्याच्या अखत्यारीतील मानली जाईल हे अवलंबून असते. त्यामुळे अशा नोंदीत आकारदर्शक विशेषणाबरोबर खडकाचे नाव, खांबांच्या बाजूंची संख्या, जाडी, उंची आणि कल या बाबी स्वतंत्रपणे लिहिण्याची पद्धत आहे.