गश्तीपासून मतपेटीपर्यंत

हैदराबाद शहरात मुसी नदीच्या दक्षिण तीरावर मलकपेठ ही जुनी वस्ती आहे. अब्दुल्ला कुतुबशहाचा सेवक मलिक याकूब याच्या नावावरून ती ओळखली जाऊ लागली. 1886 साली सहावे निजाम मीर महबूब अली खान यांच्या अमदानीत घोड्यांच्या शर्यतींचे मैदान येथे आले आणि पेठेचे नाव दूरवर पोहोचले. परंतु राज्य कोणी चालवावे हे आपण ठरवावे, ही कल्पना पेठेतील रहिवाशांना त्यानंतरही दोन पिढ्या परकीच राहिली. आज मलकपेठ हा विधानसभेचा एक मतदारसंघ आहे. प्रजाजनाचा मतदार कसा झाला याचा हा इतिहास मराठी माणसाच्याही घरचा आहे; कारण 1956 पर्यंत मराठवाड्याचे पाच जिल्हे याच हैदराबाद राज्यात होते.

राजकीय पक्ष आधी जन्मतो की निवडणूक? इंग्लंडात पार्लमेंट आधीपासून होते. 1832 नंतर मताधिकार जसजसा विस्तारत गेला, तसतसे सभागृहातील गट गावोगाव शाखा असलेले पक्ष बनले. हैदराबादेत क्रम उलटा होता. येथे कायदेमंडळ होते ते नाममात्र, आणि सभा भरविण्यासही सरकारची पूर्वपरवानगी लागे. ‘गश्ती निशाण 53’ या कुप्रसिद्ध हुकमाने ही बंधने पक्की केली होती. त्यामुळे संस्थानच्या राजकीय परिषदा संस्थानाबाहेर भरत. पहिली 1923 मध्ये काकिनाडा येथे झाली. पुढची मुंबईस, 1928 ची पुण्यास न. चिं. केळकर यांच्या अध्यक्षतेखाली, आणि 1931 ची अकोल्यास. आपल्या घरच्या गाऱ्हाण्यासाठी शेजाऱ्याच्या ओसरीवर बसावे, तसाच हा प्रकार होता.

संस्थानात उघडपणे चालू शकत ती कामे भाषेची, शिक्षणाची आणि ग्रंथालयांची. वामनराव नाईक, केशवराव कोरटकर यांच्यासारख्या पुढाऱ्यांनी याच वाटेने लोकांना एकत्र आणले. आंध्र महासभेचे पहिले अधिवेशन 1930 साली जोगीपेठ येथे झाले. महाराष्ट्र परिषद 1937 मध्ये परतूर येथे भरली. कर्नाटक परिषदही त्याच सुमारास उभी राहिली. या संस्थांतून ठराव मांडणे, वर्गणी गोळा करणे, मतभेद असूनही एका व्यासपीठावर बसणे, या गोष्टींचे शिक्षण कार्यकर्त्यांना मिळाले. पक्षाला लागणारी ही शिदोरी होती. तिच्यात एक उणीवही होती. भाषावार परिषदांत मलकपेठेसारख्या पेठेतील उर्दू भाषक मुसलमान फारसा येत नसे. त्याच्यासाठी 1927 साली स्थापन झालेली मजलिस होती. एकाच गल्लीत राहणारे शेजारी राजकारण शिकले ते निरनिराळ्या शाळांत. सप्टेंबर 1938 मध्ये सर्वांना सामावून घेऊ पाहणारी स्टेट काँग्रेस स्थापन होऊ घातली, तर स्थापनेपूर्वीच तिच्यावर बंदी आली. ती उठण्यास 1946 साल उजाडावे लागले.

दरम्यान निजाम सरकारने सुधारणांचा एक नमुना पुढे केला. 1937 मध्ये नेमलेल्या अरवमुदु अय्यंगार समितीने प्रादेशिक मतदारसंघांऐवजी व्यवसायवार प्रतिनिधित्वाची शिफारस केली. जहागीरदार, पट्टेदार, कुळे, वकील, वैद्य, व्यापारी, पदवीधर, ज्याने त्याने आपापल्या वर्गातून प्रतिनिधी पाठवावा, अशी ही योजना होती. 1939 मध्ये जाहीर झालेल्या सुधारणांत त्यासोबत हिंदू आणि मुसलमान यांच्या जागा समसमान ठेवल्या गेल्या. लोकसंख्येत मात्र हिंदूंचे प्रमाण पाचांत चारांहून अधिक होते.

वरवर पाहता व्यवसायवार प्रतिनिधित्व शहाणपणाचे वाटते. आपल्या धंद्याची दुखणी धंदेवाल्यालाच कळणार! पण यात एक खोच आहे. वकिलांच्या मतांवर निवडून येणाऱ्यास कुळाच्या झोपडीकडे फिरकण्याचे कारण उरत नाही. जहागीरदाराच्या प्रतिनिधीला विणकराचे मन वळवावे लागत नाही. प्रादेशिक मतदारसंघात उमेदवाराला एकाच दिवशी वाड्यात, मशिदीजवळच्या चहाखान्यात आणि महारवाड्यात जावे लागते, आणि तिन्ही ठिकाणी पटेल असे काही सांगावे लागते. असा सर्वांना सांगण्याजोगा कार्यक्रम तयार करणारी संस्था म्हणजेच पक्ष. व्यवसायवार पद्धतीत पक्षाची गरजच नाहीशी होते. राज्यकर्त्यांना तेच हवे असावे. 1946 च्या त्या निवडणुकीवर स्टेट काँग्रेसने बहिष्कार घातला.

सप्टेंबर 1948 च्या पोलीस कारवाईने निजामी राजवट संपली, आणि 1952 च्या प्रारंभी हैदराबादच्या जनतेने प्रथमच प्रौढ मताधिकार बजावला. बहुसंख्य मतदार निरक्षर, म्हणून प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी आणि पेटीवर त्याचे चिन्ह. काँग्रेसची बैलजोडी, समाजवाद्यांचे झाड, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनचा हत्ती. मतदाराने शाई लावलेल्या बोटाने आपली मतपत्रिका पसंतीच्या पेटीत टाकायची, एवढेच काम. देशभर लाखो पोलादी पेट्या लागल्या. त्या बनविणाऱ्यांत विक्रोळीचे गोदरेज होते, तसाच हैदराबादचा ऑल्विन कारखानाही होता. व्यवस्थेतील दोषही लपून राहिले नाहीत. ‘अमक्याची बायको’ एवढीच नोंद करून स्वतःचे नाव न सांगणाऱ्या सुमारे 28 लाख स्त्रियांची नावे देशातील मतदारयाद्यांतून वगळावी लागली. पण त्याच निवडणुकीत जुन्या हैदराबादेतील शाहअलीबंडा येथून मासूमा बेगम ही मुस्लिम महिला विधानसभेत निवडून आली.

विधानसभेच्या 175 जागांपैकी काँग्रेसला 93, पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटला 42, समाजवादी पक्षाला 11, शेतकरी कामगार पक्षाला 10 आणि शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनला 5 जागा मिळाल्या. 14 अपक्ष होते. काँग्रेसला निम्म्याहून कमी मते पडूनही निम्म्याहून अधिक जागा लाभल्या. सर्वाधिक मते मिळविणारा विजयी, या पद्धतीचा तो गुण आहे आणि दोषही. सरकार स्थिर होते. पण विखुरलेल्या विरोधकांच्या मतांचे मोल घटते. इंडोनेशियाने 1955 मध्ये प्रमाणशीर प्रतिनिधित्वाचा मार्ग धरला. तेथे चार मोठे पक्ष पुढे आले, कोणालाही चौथा हिस्सा मते मिळाली नाहीत, आणि 1959 पर्यंत अध्यक्ष सुकार्नो यांनी ‘मार्गदर्शित लोकशाही’च्या नावाखाली सत्ता आपल्या हाती घेतली. घानामध्ये याउलट एकच पक्ष इतका बलिष्ठ झाला की 1964 साली इतरांना कायद्यानेच बंदी झाली. केवळ मोजणीच्या पद्धतीने लोकशाही तरत नाही, हे या दोन्ही देशांनी दाखविले. हरलेल्याला सभागृहात मानाची जागा लागते.

हैदराबादेत ती जागा मिळाली. कम्युनिस्ट पक्षावर बंदी असल्याने त्याचे उमेदवार फ्रंटच्या नावाने उभे राहिले. तेलंगणातील सशस्त्र लढा ऑक्टोबर 1951 मध्ये मागे घेतला गेला होता; काही महिन्यांतच त्या लढ्याचे पुढारी रावी नारायण रेड्डी नलगोंड्यातून देशात सर्वाधिक मतांनी लोकसभेवर गेले. विधानसभेत अध्यक्षस्थानी काशिनाथराव वैद्य बसले, आणि त्यांच्यासमोर विरोधी पक्षनेते म्हणून व्ही. डी. देशपांडे उभे राहिले. दोघेही मराठी, एक काँग्रेसचा, दुसरा कम्युनिस्ट. काल ज्यांनी बंदुकीचा मार्ग पत्करला होता, ते आज अध्यक्षांकडे बोलण्याची परवानगी मागू लागले. त्या विधानसभेची ही कमाई तिच्या कोणत्याही कायद्याहून मोठी होती.

पुढचा इतिहास मलकपेठेनेच सांगावा. 1967 पासून काँग्रेसच्या सरोजिनी पुल्ला रेड्डी, 1983 मध्ये भारतीय जनता पक्षाचे नल्लू इंद्रसेन रेड्डी, आणि 2009 पासून 2023 पर्यंतच्या चारही निवडणुकांत मजलिसचे अहमद बिन अब्दुल्ला बलाला. 1948 नंतर बंद पडलेली मजलिस 1958 साली भारतीय राज्यघटना मान्य करून पुन्हा उभी राहिली होती. मतदाराचे मन बदलले हे खरेच. पण 2009 पूर्वीच्या पुनर्रचनेत लालबहादूर नगरचा विस्तीर्ण भाग या मतदारसंघातून निघाला, हेही तितकेच खरे. नकाशावरील रेघ सरकली की पक्षाचे भाग्य सरकते. म्हणून मतदारसंघ आखणाऱ्यांच्या निःपक्षपातीपणास मतपेटीवरील मोहोरेइतकेच महत्त्व आहे.

मलकपेठेत एका पक्षामागून दुसरा पक्ष आला. जाणाऱ्याने आपली जागा सोडली आणि पुढच्या निवडणुकीची तयारी केली. जेथे एकेकाळी सभेसाठीही परवाना लागत असे, तेथे हे घडते, आणि त्याची कोणास नवलाई वाटत नाही. लोकशाही रुजल्याची याहून साधी खूण दुसरी नसेल.