बोनचं ओतेल-द्यू : पुण्याचा पक्का हिशेब

निकोला रोलँ हा बर्गंडीचा ड्यूक फिलिप याचा चान्सलर, आपल्या भाषेत दिवाण. ओतँ गावच्या साध्या नागरी घरातला वकील, पुढे सरदारकीला चढला. १४२२ मध्ये त्याच्याकडे दिवाणगिरी आली आणि १४३५ च्या आरासच्या तहात बर्गंडीची बाजू त्यानेच सांभाळली. या सगळ्यात त्याने मायाही बक्कळ जमवली. राजा अकरावा लुई म्हणे टोमणा मारायचा, की इतक्यांना भिकेला लावल्यावर त्यांच्यासाठी इस्पितळ बांधणं याला भागच होतं!

टोमणा झोंबणारा असला तरी इस्पितळाची गरज खरीच होती. शतकभराच्या युद्धाने मुलूख होरपळून निघाला होता. पगार थकलेले सैनिक गावं लुटत होते, दुष्काळ आणि रोगराई पाठोपाठ येत होती. पासष्टी उलटलेल्या रोलँने ४ ऑगस्ट १४४३ रोजी पत्नी गिगोन द सालँ हिच्यासह बोन इथल्या ओतेल-द्यू या इस्पितळाची सनद केली. नुसती इमारत बांधून तो थांबला नाही, सालँच्या मिठाच्या उत्पन्नातून दरसाल १००० लिव्हर संस्थेला लावून दिले. दानशूर पुष्कळ असतात. आपल्या माघारी खर्च कोण भागवणार, याचा विचार करणारे थोडे.

पहिला रुग्ण आला १ जानेवारी १४५२ रोजी. सुमारे ५० मीटर लांबीचं दालन, दोन्ही भिंतींलगत खाटा आणि टोकाला वेदी. अंथरुणाला खिळलेल्यालाही प्रार्थना दिसावी म्हणून. वेदीवर रोगिर व्हान डर वायडनचं ‘अंतिम निवाडा’ हे भव्य चित्र. एरवी फळ्या मिटलेल्या. त्यांच्या बाहेरच्या अंगावर रोलँ आणि गिगोन गुडघे टेकून बसलेले. सणावारी फळ्या उघडल्या, की मायकेल देवदूत तराजूत माणसं तोलताना दिसे. या चित्रात पापी जिवांना ओढून नेणारे सैतान नाहीत, पापी आपणहून नरकाकडे कोसळत जातात. खाटेवरच्या तापकऱ्याला हे पाहून धीर येत असेल की धडकी भरत असेल, देव जाणे.

१४६२ मध्ये रोलँ गेला. गिगोन १४७० पर्यंत जगली आणि तिला इथेच पुरलं. रोजचं काम चालवलं ते सेवाव्रती भगिनींनी. १६५८ मध्ये चौदावा लुई आला, बायका-पुरुष एकाच दालनात पाहून त्याला खटकलं आणि वेगळ्या व्यवस्थेसाठी त्याने पैसे दिले.

खरी पुंजी मात्र द्राक्षमळ्यांची. पंधराव्या शतकापासून लोक मृत्युपत्रात संस्थेला मळे लिहून देत आले. आज ते साठेक हेक्टर आहेत. या मळ्यांच्या वाइनचा लिलाव १८५९ पासून नोव्हेंबरात भरतो. पूर्वी मेणबत्ती जळे तोवरच बोली चाले. रुग्ण १९७१ मध्ये नव्या इमारतीत हलले आणि जुन्या वास्तूचं संग्रहालय झालं. लिलावाचं काम २००५ मध्ये क्रिस्टीजकडे आणि २०२१ मध्ये सदबीजकडे गेलं.

लिलावाच्या पैशातून आजही रुग्णालयाच्या इमारती आणि यंत्रसामग्रीचा खर्च निघतो. एक खास पिंप मात्र दरवर्षी इतर धर्मादाय कामांसाठी काढून ठेवतात. २०२२ मध्ये त्या एका पिंपाला ८,१०,००० युरो आले.